तुरसुन म्हणजे राहू दे

१

वसंत आला की आमच्या घरात माणसांना जागा उरत नाही. मोठी खोली रेशमाच्या किड्यांना जाते. गालिचे गुंडाळून माळ्यावर, गाद्या ओसरीत, आणि आम्ही सगळे अंगणातल्या लाकडी चौथऱ्यावर, मांजरासकट. खोलीत फळ्यांचे मजले उभे राहतात, त्यांवर तुतीच्या फांद्या, आणि फांद्यांवर ते महाराज सारखे चरत असतात. कढईत काहीतरी तळत राहावं तसा आवाज दिवसभर घरात भरलेला. माझा नवरा तोलिब म्हणतो, "अंझिरत, यांच्यापेक्षा तुझ्या माहेरचे परवडले. ते निदान बोलायला तरी तोंड रिकामं करतात."

बाकी फरगाना खोऱ्यात हे किडे रेशीम देतात. आमच्या मोहल्ल्यात बोली देतात.

म्हणजे कसं, त्यांच्याजवळ बसून जे बोलावं ते त्यांच्या पोटात जातं आणि धाग्यातून बाहेर येतं. कोश गरम पाण्यात सोडून धागा ओढायला घेतला की बोटांना लागतं. इथे बारीकशी गुठळी, मग निसरडा पट्टा, मग लागून दोन गुठळ्या. आमच्या बायका धागा बोटांतून सोडतात आणि मधेच फिस्सकन हसतात, कारण शेजारच्या अंबर-ओपानं, म्हणजे अंबरताईनं, मेलेल्या नवऱ्याला हासडलेली शिवी त्यात जशीच्या तशी आलेली असते. पुरुषांना यातलं ओ की ठो कळत नाही. त्यांची बोटं राकट. आम्ही मात्र आईच्या मांडीवर बसून शिकतो, बोलायला शिकतो तसंच. आणि ही बोली जिवंत आहे बरं का. दर वसंतात तिला नवे शब्द फुटतात, न वापरलेले वाळून जातात. जुन्या शब्दांना हळूहळू शेपट्या येतात, म्हणजे काल, आज, उद्याच्या. एका शब्दाला शेपूट फुटायला पाच-सहा वर्षं लागतात. घाई नसते तिला.

नियम एकच. किड्यांच्या खोलीत कुणाचं नाव घ्यायचं नाही. नाव धाग्यात गेलं की मागावर चढतं, आणि मागावर चढलं की त्या माणसाचं काय विणलं जाईल याचा भरवसा नाही, असं माझ्या सासूबाई सांगतात. त्यांना आम्ही ओयी म्हणतो. त्यामुळे त्या खोलीत आम्ही सगळे टोपणनावांनी वावरतो. नवरा म्हणजे 'लांबट्या', अंबर-ओपा म्हणजे 'रेडिओ', ओयी 'मालकीणबाई', आणि मी 'भांडकुदळ'. हे शेवटचं कुणी ठेवलं ते मला माहीत आहे, मी विसरलेली नाही.

२

माझ्या मुलीचं नाव तुरसुनॉय. आमच्यात तुरसुन म्हणजे 'राहू दे'. तिच्या आधीची माझी दोन बाळं राहिली नाहीत, म्हणून ओयींनी हिच्या कानात हे नाव सांगितलं. नाव लागू पडलं. पोरगी राहिली, आणि राहिली ती घर डोक्यावर घेऊनच. खोलीत तिला आम्ही 'पोपटीण' म्हणायचो, कारण तोंड कधी मिटायचंच नाही.

या वर्षी तिचं लग्न ठरलं. नवरा बोतिर, आंदिजानचा, दातांचा डॉक्टर. पाहायला आला तेव्हा हिनं त्याला साखरेचे खडे इतके दिले की तो म्हणाला, "हे आदरातिथ्य आहे की मला धंदा मिळवून देताय?" तिथेच जमलं. ती त्याच्यासाठी झुरत होती, आणि मला, खरं सांगायचं तर, ती सुखानं निघून गेलेली बघायची होती. बाकी काही नको.

आमच्या मोहल्ल्यातली मुलगी कमरबंदाशिवाय उंबरा ओलांडत नाही. तो आईनं विणायचा, त्याच वसंतातल्या धाग्यानं, आणि त्यात मुलीला निरोप असतो. लग्नाच्या दिवशी अख्ख्या मोहल्ल्याच्या बायका त्यावरून बोटं फिरवतात. कुणाच्या आईनं काय लिहिलं यावर पुढे वर्षभर चघळायला मिळतं.

तर अशी घाईची वेळ. पाला आणा, घाण काढा, पाहुण्यांची यादी, पुलावाचे हंडे. खोलीत नाव घ्यायचं नाही हा नियम आम्ही अगदी कसोशीनं पाळला. आणि दिवसभर एकमेकींना काय ओरडत होतो? "ती बादली तुरसुन गं तिथेच!" "फांदी तुरसुन, मी बघते!" "दार उघडं तुरसुन, गुदमरतंय!"

असू दे, राहू दे, तुरसुन. बोलताना कुणाच्या डोक्यात येतं का?

३

एका दुपारी ती तुतीचा भारा घेऊन खोलीत शिरली आणि आवाज थांबला.

तळण्याचा तो आवाज, जो आम्हाला ऐकूच येईनासा झालेला असतो, तो एकदम बंद. मी झाडू घेऊन उभी. पाहिलं तर फळ्याफळ्यांवर सगळ्या किड्यांनी माना वर केलेल्या. सगळ्यांची तोंडं तिच्याकडे.

"अगबाई," ती म्हणाली, "सासूनं सुद्धा मला इतकं निरखून पाहिलं नव्हतं. दात मोजायचेत का रे?" आणि तिनं त्यांना दात दाखवले.

ती बाहेर गेली. पुन्हा चरणं सुरू.

मी मनाची समजूत घातली. पाला ओला असेल. ढग गडगडले असतील, मला ऐकू आलं नसेल. किडे कात टाकायच्या आधी मान वर करून गप्प बसतात, हे आमच्या मांजरालाही माहीत आहे. पण ते बसतात आज चार, उद्या दहा असे, आणि एकदा बसले की दिवसभर बसतात. कुणी दाराबाहेर गेलं म्हणून परत जेवायला लागत नाहीत.

मी तोलिबला सांगितलं. तो म्हणाला, "पोरगी देखणी आहे, बघणारच." अशा माणसाशी काय बोलायचं?

४

पहिले कोश तयार झाले. अंगणात चूल पेटवली, कढईत पाणी तापवलं, अंबर-ओपा मदतीला आली. मदतीला म्हणजे बोलायला. मी कोश पाण्यात सोडले, काडीनं धाग्याची टोकं उचलली आणि रहाटाला लावली. तुरसुनॉय रहाट फिरवत होती. धागा माझ्या बोटांतून चालला.

तुरसुन, लागलं. राहू दे.

बरं, म्हटलं, ओरडत होतोच आपण. पुन्हा तुरसुन. पुन्हा. दुसरा कोश, तेच. अंबर-ओपानं दिवसभर केलेली बडबड, ओयींची गाणी, तोलिबची पाचकळ कोडी, काही म्हणजे काही नव्हतं. हात लागेल तिथे तोच एक शब्द, दाणे ओवावेत तसा.

"बाई, माझ्या शिव्या कुठे गेल्या?" अंबर-ओपा धागा चाचपून म्हणाली. "इतक्या चांगल्या चांगल्या दिल्या होत्या."

आणि मग पुढच्या कोशांत त्या शब्दाला शेपूट लागलं. 'राहील.' मी हात मागे घेतला. पाच-सहा वर्षांचं काम एका चुलीवर? मी अंबर-ओपाकडे पाहिलं. ती बोलायची थांबली होती, आणि तिला मी अशी गप्प तिच्या नवऱ्याच्या मयतीतही पाहिली नव्हती.

ओयींना बोलावलं. त्यांना आता दिसतं कमी, पण बोटं शाबूत आहेत. त्यांनी कढईतल्या शेवटच्या कोशाचा धागा घेतला, डोळे मिटले आणि तो अंगठ्याखालून हळूच ओढला. मग तुरसुनॉयला म्हणाल्या, "जा गं, माझा चहा गार झाला, गरम करून आण." ती उठून गेल्यावर त्यांनी तो धागा माझ्या हातात दिला.

शेपूट बदललं होतं. 'राहिली.'

५

आता मी काही भोळसट बाई नाही. योगायोग असतात. ती बाजारात जायला निघाली आणि कोपऱ्यावरून परत आली, पाकीट विसरलं म्हणून. ठीक. पाकीट घेऊन निघाली, परत आली, चपलेचा पट्टा तुटला. ठीक. चप्पल बदलून निघाली आणि फाटकापाशी नुसतीच उभी राहिली. मी विचारलं, "आता काय?" तर हसून म्हणाली, "कशाला निघाले होते तेच गेलं बघ डोक्यातून."

"प्रेमात पडलेल्यांचं असंच होतं," अंबर-ओपा म्हणाली. "मी एकदा मीठ समजून साबण टाकला होता शोरब्यात."

"एकदा?" तोलिब म्हणाला.

मग तो तिला कपडे बेतायला शिंपिणीकडे न्यायला निघाला. त्याची व्हॅन जुनी आहे पण गुणी. तुरसुनॉय आत बसली, त्यानं किल्ली फिरवली, गाडी खोकली आणि मेली. उतरून त्यानं झाकण उघडलं, तीही उतरली, तो परत बसला. सुरू. ती बसली. बंद. ती उतरली. सुरू. शेजारची पोरं जमली, टाळ्या वाजवायला लागली. तिनं त्यांना वाकून मुजरा केला, पुन्हा चढली, बंद. अंगणात सगळे हसून हसून बेजार झाले.

तिनं माझ्याकडे पाहिलं तेव्हा मात्र ती हसत नव्हती. "आई," ती हळूच म्हणाली, "बोतिरला काय सांगू? मला जायचंय गं."

मला तेव्हा पहिल्यांदा नीट भीती वाटली.

६

ओयींनीच तोड काढली. "घाबरतेस काय," त्या म्हणाल्या. "बोली म्हणजे लेकरू आहे. आपण राहू दे, राहू दे म्हटलं, ते राहू दे शिकलं. आता दुसरं शिकवायचं. उशिरा फुटलेले किडे अजून खाताहेत ना?"

होते. मागच्या फळ्यांवर एक घाणा उशिरा निघाला होता, त्यांचं तोंड अजून पाल्यात होतं.

"मग त्यांना जा शिकवा."

आमच्यात 'जा'ला 'बॉर' म्हणतात. झालं, सगळा मोहल्ला कामाला लागला. असा वसंत पुन्हा होणे नाही. सकाळी ओयी खोलीच्या दाराशी बसून सूर लावायच्या, "बॉर, बॉर, बॉर." दुपारी अंबर-ओपा यायची आणि नवऱ्याच्या फोटोसमोर सराव करून आल्यासारखी ओरडायची, "बॉर! चालता हो! बॉर!" पोरांना खाऊ देऊन बोलावलं, त्यांनी त्याचं गाणं केलं, डबे बडवले. तोलिब लांबट्या दारातून डोकं घालून दरडावायचा, "बॉर!" तर बिचारं मांजर उठून बाहेर जायचं. आणि तुरसुन हा शब्द घरातूनच हद्दपार. बादली हवी तिथे ठेवायची तर आम्ही खुणा करायचो.

तुरसुनॉय खोलीत आली तरी किडे आता माना वर करत नव्हते. खात होते. मला हायसं वाटलं.

त्यांनी काटक्यांच्या जुड्यांमध्ये कोश विणले. मला पुरतील तेवढे मी काढून आणले, बाकीच्यांचं विणणं चालू होतं म्हणून खोली बंद ठेवली. अशा वेळी दार उघडून वारा आत घ्यायचा नसतो. कढई चढली. धागा बोटांत आला आणि मी ओरडलेच. बॉर! नुसतं बॉर, बॉर, बॉर, स्वच्छ, ठसठशीत. मी मागावर बसले आणि लाल रंगवलेल्या त्या धाग्याचा कमरबंद असा विणला की हात थांबेना.

तिला व्हॅनमध्ये बसवून पाहिलं. पहिल्या किल्लीला सुरू.

७

लग्नाच्या दिवशी पहाटेपासून हंडे चढले, सनई-नगारे आले, बोतिरच्या गाड्या फुलं लावून गल्लीत उभ्या. बायकांनी कमरबंद हातोहात फिरवला. "जा म्हणतेय गं, जा जा जा! आई आहे की पोलीस?" सगळ्या खिदळत होत्या. शेवटी तो ओयींच्या मांडीवर आला. त्यांनी अंगठा फिरवला. मग परत फिरवला.

"अंझिरत, काय विणलंस?"

"बॉर, ओयी. जा."

"हं," त्या म्हणाल्या. "पण आपण 'आहे'लाही बॉरच म्हणतो. घरात चहा बॉर. पाहुणे बॉर. बोलीला काय ऐकू गेलं असेल?"

माझ्या हातात सरबताची भांडी होती. बाहेरून कुणीतरी ओरडत होतं, चला, चला, ऊन वाढतंय. "ओयी, आता नका हो काही काढू," म्हटलं, आणि कमरबंद घेऊन गेले.

नवरीला सजवायला दुसरीकडे कुठे जागाच नव्हती, म्हणून मोठ्या खोलीच्या दाराजवळचा कोपरा पडदा लावून मोकळा केला होता. पडद्याच्या पलीकडे काटक्यांच्या जुड्या. अंधुक होतं. मी माझ्या हातांनी तिच्या कमरेला कमरबंद बांधला. ती हसत होती. म्हणाली, "आई, घट्ट बांध. सुटला तर तिथली सासू म्हणेल, आईला गाठ येत नाही." मी तिच्या कपाळाचा मुका घेतला आणि म्हटलं, बस, तोंड गोड करायला मध आणते.

मध घेऊन आले तर अंगणात एकच गलका. नवरी निघालीसुद्धा! तोंडावरून ओढणी घेतलेली, पावलं भराभर, मागे वळून बघणं नाही, रडणं नाही. बायका म्हणाल्या, बघा आजकालच्या मुली, केवढी घाई! ती गाडीत बसली, मी धावत जाऊन खिडकीतून तिचा हात धरला. गार होता आणि फार मऊ, नुकत्याच धुतलेल्या रेशमासारखा. गाडी सुरू झाली आणि गेली. कुठे अडली नाही, खोकली नाही.

मी गल्लीत उभी राहून पोटभर रडले, आणि त्याहून जास्त हसले. गेली माझी पोरगी. सुखानं गेली.

मोठ्या खोलीचं दार अंबर-ओपानं ओढून घेतलं होतं. वारा लागू नये म्हणून.

८

दुसऱ्या दिवशी सकाळी फोन वाजला. मी ओसरीत लग्नाच्या उरल्या नानचे तुकडे वाळत घालत होते.

"आई! मी!" तोच आवाज, तीच किलबिल. घर छान आहे, सासू मायाळू आहे, बोतिर सकाळपासून चार वेळा विचारून गेला काही हवं का.

"आणि जेवलीस का गं?"

"तीच तर गंमत. पुलाव घशाखाली उतरेना. पण भूक अशी लागलीय ना, आई, थांबतच नाही. यांच्या अंगणात तुती आहे. सासूबाई हसत होत्या मला, नुसता पालाच ओरबाडून खाल्ला मी." आणि ती खळखळून हसली. तिच्या पाठीमागून फोनमध्ये बारीकसा आवाज येत होता, कढईत काहीतरी तळत असल्यासारखा.

"लग्नाच्या गडबडीत होतं असं," मी म्हटलं. "कमरबंद आवडला का तुझ्या सासूबाईंना?"

"कमरबंद?" ती म्हणाली. "तो तर तिथेच राहिला ना, आई."

मी फोन कानाला तसाच धरून उठले. चालत गेले आणि मोठ्या खोलीचं दार ढकललं. वारा आत गेला. पडदा हलला. पलीकडे काटक्यांच्या जुड्यांत पांढरे कोश लटकत होते, बोटाच्या पेराएवढे, नेहमीसारखे, ओळीनं. कोपऱ्यातली एक जुडी मात्र आडवी झाली होती आणि तिच्यावरचं पांढरं जाळं जमिनीपर्यंत आलं होतं. त्या जाळ्याच्या खालून लाल कमरबंदाचं टोक बाहेर दिसत होतं. माझी गाठ. घट्ट.

ते टोक हललं.

"आई?" आतून आवाज आला, झोपेतून उठल्यासारखा, जड. "किती वेळ गं? गाडी आली का?"

फोनमध्ये ती अजून काहीतरी आनंदानं सांगत होती. मी फोन चौकटीपाशी ठेवला. जाळं धरलं आणि दोन्ही हातांनी फाडायला लागले. बोटांना त्यात शब्द लागत होते, ते मी वाचले नाहीत.

तोलिब दातांत काडी घालून अंगणात उभा होता. "काय गं, सकाळी सकाळी कुणाशी भांडतेयस?"

"अहो," मी ओरडले, "गाडी काढा! आंदिजानला जायचंय, आत्ताच्या आत्ता! नवरी घरीच राहिलीय!"